सुलभाताई, तुमची बेणारे आमच्यापर्यंत पोचली

प्रिय सुलभाताई देशपांडे यांस,
सप्रेम नमस्कार.

आपली कधी भेट झाली नाही. तुम्ही ४ जून २०१६ रोजी गेलात, तेव्हा मी सांगलीजवळच्या एका शाळेत मराठी शिकवत होते आणि संध्याकाळी हौशी नाटकाच्या तालमीला जात होते. आजही माझा दिनक्रम तोच आहे. तो तसाच टिकला याचं बरंचसं श्रेय तुमच्यासारख्या अभिनेत्रीचं आहे. ते तुम्हाला सांगायचं राहून गेलं, म्हणून आज चारचौघांत सांगते.

आमच्या संस्थेने राज्य नाट्य स्पर्धेसाठी ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ घ्यायचं ठरवलं आणि त्यातली मुख्य भूमिका, शिक्षिका लीला बेणारे, माझ्या वाट्याला आली. विजय तेंडुलकरांचं हे नाटक ‘रंगायन’ या नाट्यसंस्थेने १९६७ साली राज्य नाट्य स्पर्धेसाठीच बसवलं होतं, तुमचे पती अरविंद देशपांडे यांच्या दिग्दर्शनात, आणि बेणारे तुम्ही केली होतीत. त्या प्रयोगांबद्दल थोरामोठ्यांनी इतकं लिहून ठेवलंय की वाचताना दडपण यायचं. तो प्रयोग पाहिलेलं आमच्यात कुणीच नव्हतं. नाटक पडद्याबरोबर संपतं. मागच्या पिढीचा अभिनय पुढच्या पिढीला मिळतो तो ऐकीव.

पण तुमच्या बेणारेचं तसं झालं नाही. सत्यदेव दुबेंनी १९७१ साली या नाटकावर चित्रपट केला, गोविंद निहलानींनी तो कॅमेऱ्यात टिपला आणि बेणारे तुमच्याकडेच राहिली. अमोल पालेकर आणि अमरीश पुरी यांचे अगदी सुरुवातीचे चेहरे त्यात दिसतात, म्हणून पुष्कळ लोक तो पाहतात. मी पाहिला तो फक्त तुमच्यासाठी. आमच्यातल्या एका ज्येष्ठ नटाने बजावलं होतं की बघू नकोस, नक्कल होईल. मला ते पटलं नाही. गाणं शिकणारी मुलगी गुरूचं गाणं ऐकल्याशिवाय शिकते का?

त्या चित्रपटातून मला सगळ्यात मोलाचं जे मिळालं ते शेवटच्या स्वगतातून नव्हे. त्या स्वगताची कीर्ती एवढी मोठी की बेणारे करणारी प्रत्येक नटी पहिल्या दिवसापासून तिथेच डोळे लावून बसते. तुम्ही मात्र पहिला अंक जगला आहात. बेणारे हसते, गावातल्या सामंतांची थट्टा करते, गाणं गुणगुणते, शाळेतल्या मुलांबद्दल भरभरून बोलते. हा आनंद खरा वाटला नाही, तर पुढे तिच्याच नाटकमंडळातले लोक तिचं काय हिरावून घेतात हे कळणार कसं? खेळ म्हणून सुरू झालेला खटला, भ्रूणहत्येचा आरोप, सुखात्म्यांची वकिली, काशीकरांचं न्यायासन आणि आरोपीच्या जागी एक शिक्षिका. तिची नोकरी जाणार आहे, आणि नोकरी म्हणजे तिचा श्वास. हे सगळं तुमच्या पहिल्या अर्ध्या तासातल्या हसण्यावर उभं आहे. तुम्ही तिची कीव येऊ दिली नाहीत. ती चिडते, टोमणे मारते, मध्येच उर्मटही होते. आमच्या तालमीत मी पहिल्या अंकावर सर्वांत जास्त वेळ घालवला तो तुमच्यामुळेच, आणि शेवटचं स्वगत मग फारसं ओढाताण न करता आलं.

आणखी एक गोष्ट मला नंतर कळली आणि तिने मी हरखून गेले. तुम्ही स्वतः शिक्षिका होतात. दादरच्या छबिलदास शाळेत शिकवत होतात, मुलांची नाटकं बसवत होतात, आणि मुलांसाठी लिहा म्हणून तेंडुलकरांच्या मागे लागला होतात. मला वाटतं, बेणारेच्या तोंडी वर्गाचा विषय आला की तुमचा चेहरा जो बदलतो तो केवळ अभिनयाच्या तयारीने बदलत नसावा. हा माझा तर्क आहे, पण खडू हातात धरणाऱ्या बाईचा तर्क आहे. शिकवणं आणि नाटक यांतलं एक काय ते निवड, असं मला घरच्यांनी आणि शाळेतल्यांनीही वेळोवेळी सुनावलं. तुमच्याकडे बोट दाखवून मी दोन्ही धरून ठेवलं.

तुमच्या कारकिर्दीचे लेख येतात त्यात चित्रपटांची यादी असते. श्याम बेनेगलांच्या ‘भूमिका’मध्ये स्मिता पाटीलची आई, म्हणजे उषाची आई शांता, त्याच वर्षी, १९७७ मध्ये, जब्बार पटेलांचा ‘जैत रे जैत’, मग थेट २०१२ सालच्या ‘इंग्लिश विंग्लिश’मधली सुनेची बाजू घेणारी प्रेमळ सासू. दूरदर्शनपासून खासगी वाहिन्यांपर्यंत मालिका आल्या, ‘अस्मिता’मध्ये तर अगदी अखेरच्या काळात तुम्ही घराघरांत दिसत होतात. माझ्या वर्गातल्या मुली तुम्हाला त्या मालिकेतल्या आजी म्हणून ओळखायच्या, आणि मला त्याचं अतिशय बरं वाटायचं. रंगभूमीवर ज्यांनी बेणारे केली त्यांनी मालिकेत आजी करावी का, असा नाक मुरडणारा सूर आपल्याकडे फार ऐकू येतो. मला तो सूर खोटा वाटतो. प्रायोगिक नाटकावर कुणाचं पोट भरत नाही हे नाटकातल्या प्रत्येकाला माहीत आहे. शिवाय ‘भूमिका’तली शांता बघताना काय दिसतं? सगळा चित्रपट मुलीचा आहे हे ओळखून तुम्ही तिच्यासाठी जागा सोडता, आणि तरी त्या आईची धास्ती नि ताठा आपल्याला पुरेपूर जाणवतो. मोठ्या भूमिकेत मोठं दिसणं त्या मानाने सोपं आहे.

पण मला ज्यासाठी खरे आभार मानायचे आहेत ते वेगळंच आहे. ‘रंगायन’ फुटल्यावर १९७१ मध्ये तुम्ही, अरविंद देशपांडे आणि अरुण काकडे यांनी मंडळी जमवून ‘आविष्कार’ ही नाट्यसंस्था उभी केलीत. नाटक करायला माणसं होती, संहिता होत्या, पण मोठ्या नाट्यगृहाचं भाडं नव्या पोरांना परवडणार कसं? १९७४ पासून छबिलदास शाळेच्या सभागृहात प्रयोग होऊ लागले. दिवसा शाळा, संध्याकाळी नाटक. उंच रंगमंच नाही, झगमगाट नाही, प्रेक्षक नटाच्या श्वासाइतका जवळ. ती जागा ‘आविष्कार’पुरती ठेवली नाहीत, हे मला फार मोठं वाटतं. इतर संस्था तिथे आल्या, कोण कोण कुठून कुठून नवीन लिहिलेलं घेऊन आले, आणि पुढे त्या सगळ्याला छबिलदास चळवळ हेच नाव पडलं. ज्या शाळेत तुम्ही बाई होतात तीच शाळा मराठी प्रायोगिक नाटकाचा पत्ता झाली. पुढे ती जागा सुटली, ‘आविष्कार’ माहीमच्या महापालिकेच्या शाळेत गेली, पण काम थांबलं नाही. १९८७ मध्ये अरविंद देशपांडे गेले, त्यानंतरही नाही.

सांगलीत आम्ही तालमीसाठी जागा शोधत वणवण केली आहे. लग्नाचं कार्यालय, बंद पडलेलं वाचनालय, एका सभासदाच्या घराची गच्ची. शेवटी मी छबिलदासचं उदाहरण घेऊन आमच्या मुख्याध्यापकांकडे गेले. शाळा सुटल्यावर सभागृह द्या, झाडून स्वच्छ करून परत देऊ, आणि बदल्यात वर्षातून एक नाटक शाळेच्या मुलांना घेऊन करू, एवढंच मागणं होतं. त्यांनी होकार दिला. आज आमच्याशिवाय आणखी दोन संस्था तिथे तालमी करतात. तुम्ही हे करून दाखवलं नसतं तर अशी मागणी करता येते हेच मला सुचलं नसतं.

मुलांचं नाटक हा तुमच्या कामातला माझा सगळ्यात लाडका भाग. ‘चंद्रशाला’ ही ‘आविष्कार’ची बालरंगभूमी. ‘दुर्गा झाली गौरी’सारखं नृत्यनाट्य, मुलांचा एवढा मोठा ताफा, आणि वर्षानुवर्षं प्रयोग, एक फळी मोठी झाली की दुसरी तयार. १९७८ साली ‘राजा रानी को चाहिए पसीना’ हा मुलांचा चित्रपट तुम्ही दिग्दर्शित केलात, त्याचा उल्लेख सहसा कुणी करत नाही. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार तुम्हाला १९८७ मध्ये अभिनयासाठी मिळाला, तो तर योग्यच. पण मुलांना ताल, शिस्त आणि रंगमंचावर न घाबरता उभं राहणं शिकवण्याचा मान कुठल्या पदकाने मोजायचा? बालनाट्य म्हणजे मोठ्यांनी उंदीर-ससे होऊन बोबडं बोलायचं, अशी समजूत अजून गेलेली नाही. तुमच्याकडे मुलं नटांसारखी तालीम करायची. मीही आता तशीच घेते. वेळेवर यायचं, दुसऱ्याचं वाक्य ऐकायचं, विंगेत गप्प राहायचं, आणि ज्याला वाक्य नाही त्यालाही प्रत्येक प्रवेशात आपण कुठे आहोत हे माहीत असलं पाहिजे.

यंदा तेंडुलकरांचं ‘चिमणा बांधतो बंगला’ बसवतोय. सातवीतली एक मुलगी, वर्गात तोंड न उघडणारी, तालमीत सगळ्यांची वाक्यं पाठ म्हणते आणि कुणी अडलं की पुढचा शब्द पुरवते. तिला मी प्रमुख भूमिका दिली आहे. तुमचा चित्रपट तिला आणखी चार वर्षांनी दाखवेन, तेव्हा बेणारे तिला कळेल.

सुलभाताई, बेणारेसाठी, सभागृहासाठी आणि या मुलांसाठी मनापासून आभार.

तुमची,
सांगलीकडची एक शाळेतली बाई