गाय नव्हे, गी!

चौथ्या मजल्यावरच्या मस्यूंना,
सप्रेम नमस्कार.

तुम्हाला मराठी येत नाही, ठाऊक आहे. रविवारी हेच मोडक्यातोडक्या फ्रेंचमध्ये वाचून दाखवेन. पण मनापासून आभार मानायचे म्हटले की माझी जीभ मराठीकडेच वळते, त्याला इलाज नाही.

प्रबंधासाठी मी गी देलोर्म हा जुन्या फ्रेंच चित्रपटांतला खलनट निवडला, तेव्हापासून नुसती टोलवाटोलवी चालली होती. एका प्राध्यापकांनी भुवया उंचावल्या, "दुय्यम नटावर अख्खा प्रबंध? ज्याँ मारेसारख्या नायकावर लिहा की." एका ग्रंथालयात तर मी 'गाय देलोर्म' म्हणालो आणि काउंटरमागचे दोघं एकमेकांकडे बघून हसले. आमच्याकडे गाय म्हणजे काय, हे त्यांना कळलं असतं तर आणखी हसले असते! नाव कसं उच्चारायचं, ते मात्र कुणी सांगितलं नाही.

लिफ्ट बंद पडली त्या दिवशी जिन्यात तुम्हाला मी तेच चुकीचं नाव सांगितलं. तुम्ही हसला नाहीत. "गी," एवढंच म्हणालात, आणि लगेच, "रोशफोर! ये, वर ये."

दिग्दर्शक बोर्देरीचा १९६१ चा 'तीन मस्केटिअर्स' लावलात. नायक द'आर्तान्यांच्या भूमिकेत जेरार बारे, कारस्थानी मिलेडी झालेली मिलेन द्माँजो, आणि नायकाचा वैरी रोशफोर म्हणजे आपला गी. त्याच्या आदल्याच वर्षी दिग्दर्शक हुनबेलच्या 'ल कापितां'मध्ये तो रिनाल्दो होता, कोंचिनी या खलनायकाचा हस्तक. त्या चित्रपटाचं नाव निघालं की लोकांना आठवतात ते नायक मारे आणि विनोदी नट बुर्व्हिल. व्हाल किल्ल्याच्या दगडांच्या फटींत खंजीर रोवत मारे बुरुज चढतो, तो प्रसंग तर सगळेच सांगतात. रिनाल्दो कुणाच्या तोंडी येत नाही. पण समोर तोलामोलाचा दुष्ट नसेल तर नायकाने तलवार कुणावर परजायची? निळू फुल्यांना पडद्यावर बघून शिव्या घालणाऱ्या बायकांच्या गावातून मी आलोय, मला हे कुणी समजावून सांगायला नको.

रोशफोरने तलवार उपसली तिथे तुम्ही रिमोट दाबलात आणि टेबल भिंतीला सरकवलंत. तरुणपणी तलवारबाजी शिकलेले तुम्ही, आता गुडघे कुरकुरतात, तरी उठलात. कोपऱ्यातली काळी छत्री उचललीत आणि माझ्यापुढे धरलीत. टोक स्वतःकडे, मूठ माझ्याकडे.

मस्यू, माझी आजी सुरी अशीच द्यायची. विळा, कात्री, काहीही असो, मूठ घेणाऱ्याकडे. त्या क्षणी घशात काहीतरी अडकलं. तुम्हाला ते दिसलं असणार, कारण तुम्ही लगेच मागे वळून स्वतःसाठी काठी शोधायला लागलात.

मग म्हणालात, "तू जिंकणारा. हरणं अवघड, ते मी करतो." सिनेमातलं द्वंद्व नाचासारखं आकड्यांवर बसवलेलं असतं, तलवारबाजीचा उस्ताद प्रत्येक वार मोजून देतो, हे मी पुस्तकात वाचलं होतं. पण हरणाऱ्याने छातीसमोरची जागा नेमकी कधी मोकळी सोडायची, किंचित उशिरा वळून नायकाचा वार चपळ कसा दिसू द्यायचा, ते तुमच्या काठीने दाखवलं. मी चुकलो की तुम्ही तो वार पुन्हा मोजायचात. तिसऱ्या खेपेला जमलं आणि तुम्ही सोफ्यावर असे कोसळलात की मी घाबरून धावलो. डोळे मिटूनच विचारलंत, "झगा नीट पसरला का?"

अंगात तुमच्या साधा स्वेटर होता.

प्रबंधाचं मधलं प्रकरण त्याच रात्री लिहून झालं. त्याच प्राध्यापकांनी परवा ते वाचलं आणि ही दृष्टी कुठून आली म्हणून विचारलं. चौथ्या मजल्यावरून, म्हटलं. त्यांना काही कळलं नाही.

निघताना दारात तुम्ही सांगितलंत, ड्युमाच्या मूळ कादंबरीत द'आर्तान्यां रोशफोरशी तीनदा लढतो, तिन्ही वेळा त्याला जखमी करतो, आणि शेवटी दोघं गळाभेट घेतात. आपली एकच लढत झालीय, दोन बाकी आहेत. छत्री मी तशीच घेऊन आलो. रविवारी आणून देतो, मूठ तुमच्याकडे करून.

तुमचा,
पहिल्या मजल्यावरचा