‘हावडा ब्रिज’ची रिळे वाचवण्यासाठी मदतीचे आवाहन

आमच्या चित्रपट मंडळाच्या कपाटात 1958 सालच्या ‘हावडा ब्रिज’ या रहस्यपटाची 16 मिलिमीटरची प्रिंट आहे. गेल्या महिन्यात तिच्या तिसऱ्या रिळाचा डबा उघडताच व्हिनेगरसारखा उग्र, आंबूस वास आला आणि फितीच्या कडा उन्हात वाळलेल्या पापडासारख्या वाकड्यातिकड्या झालेल्या दिसल्या. उष्ण आणि दमट हवेत ॲसिटेट या प्लास्टिकच्या फितीची अशी अवस्था होते. फीत आकसते, तिची छिद्रे प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसेनाशी होतात आणि तिच्यातून सुटणाऱ्या आम्लाच्या वाफेने शेजारच्या डब्यांतील चांगली रिळेही लवकर बिघडतात. झालेली हानी भरून येत नाही, पुढची मात्र लांबवता येते, आणि कोकणातला पावसाळा तोंडावर आला आहे.

शक्ती सामंत यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात रंगूनच्या एका व्यापारी घराण्यातील मौल्यवान पिढीजात वस्तू कलकत्त्याला जाते, ती विकू पाहणाऱ्या मुलाचा तेथे खून होतो आणि त्याचा भाऊ, म्हणजे अशोक कुमार, शोध घेत चोरट्या व्यापाराच्या टोळीपर्यंत पोहोचतो. तपासाची ही कथा उत्तरार्धात थोडी सैलावते, हे आम्हीही मान्य करतो. पण मधुबाला, के. एन. सिंग, मदन पुरी यांचा अभिनय आणि ओ. पी. नय्यर यांचे संगीत एकाच ठिकाणी असल्यावर त्याची तक्रार कोण करणार? शिवाय यातील नृत्याने नावारूपाला आलेल्या हेलन यांचा जन्म रंगूनचा. दुसऱ्या महायुद्धात त्यांच्या कुटुंबाने ब्रह्मदेश सोडला आणि पायपीट करीत आसाम गाठले. पुढे ते कलकत्त्याला व नंतर मुंबईला आले.

हा चित्रपट आता मोबाइलवरही पाहता येतो, मग रिळांसाठी एवढा खर्च कशाला, असे काही सभासदांनी विचारले, आणि प्रश्न रास्त आहे. पण आमच्या प्रिंटवर तिच्या वापराच्या खुणा आहेत, त्या मोबाइलवर दिसत नाहीत. आशा भोसले यांच्या ‘आइए मेहरबाँ’ या गाण्याच्या भागात सर्वाधिक ओरखडे आणि सात जोड आहेत, त्यांपैकी दोन चक्क साध्या चिकटपट्टीचे. हे गाणे किती वेळा मागे घेऊन पुन्हा लावले गेले असेल, याचा अंदाज त्यावरून येतो.

फितीची साफसफाई, जोडांची दुरुस्ती, डिजिटल प्रत, हवा खेळणारे प्लास्टिकचे डबे आणि खोलीतील दमटपणा कमी करणारे यंत्र, यांसाठी एकूण 1,40,000 रुपये लागतील. सभासदांनी 55,000 रुपये जमवले आहेत. उरलेल्या 85,000 रुपयांसाठी आपण यथाशक्ती साहाय्य करावे, ही विनंती. प्रत्येक देणगीची पावती दिली जाईल आणि खर्चाचा तपशील मंडळाच्या फलकावर लावला जाईल.

पैशांव्यतिरिक्तही मदत हवी आहे. कोणाकडे 16 मिलिमीटर प्रोजेक्टरचा ध्वनीसाठीचा दिवा, पट्टा किंवा रिकामी चक्रे पडून असतील, अथवा या चित्रपटाची गाण्यांची जुनी पुस्तिका असेल, तर ती मंडळाच्या कार्यालयात आणून द्यावी. पूर्वी प्रोजेक्टर चालवलेल्या व्यक्तींनी तर अवश्य यावे, कारण आकसलेली फीत हाताने सावकाश कशी उलगडावी, हे आम्हा कोणालाच नीट येत नाही.