वेशभूषेच्या चुका कॉलशीटपासून सुरू होतात

संपादक महोदय,

दाराबाहेर खोचलेला पदर आत शिरताच सुटलेला दिसतो, ऐतिहासिक मालिकेतला मावळा घडीच्या रेषांसकट गडावर उभा राहतो. प्रेक्षकांची ही तक्रार रास्त आहे. पण या चुका कशा होतात, हे वेशभूषा विभागात काम करणारे आम्ही सांगू इच्छितो.

कोऱ्या सुती कापडाला खळ असते, त्यामुळे ते अंगावर ताठ उभे राहते. ते दोन-तीनदा धुवायचे, चहाच्या पाण्यात बुडवून सावलीत वाळवायचे, मग कोपर, गुडघे आणि गळपट्टी बारीक सँडपेपरने घासायची. एवढे केले तरच ते वापरातले वाटते. याला निदान दोन दिवस लागतात; पावसाळ्यात जास्तच. कॉलशीट, म्हणजे त्या दिवशी कोणती दृश्ये चित्रित होणार हे सांगणारा कागद, आणि तिच्यावरून ठरणारी कपड्यांची यादी आदल्या रात्री हाती आली, तर यातले काहीच होत नाही.

पाऊस, चिखल, रक्त असेल तिथे एका पोशाखाच्या किमान तीन प्रती लागतात: एक अंगावर, एक रिटेकसाठी, एक स्टंट करणाऱ्यासाठी. तिसरी सैल शिवायची, कारण आत पॅड आणि हार्नेस, म्हणजे सुरक्षेचा पट्टा, असतो. तिन्हींचे कापड एकाच ताग्यातले हवे आणि तिन्ही सारख्याच वेळा धुतलेल्या हव्यात. खर्च वाचवायला तिसरी प्रत नंतर शिवली, की रंगातला फरक कॅमेरा लगेच पकडतो.

पदराची गोष्ट वेगळी. दाराबाहेरचे दृश्य आज चित्रित होते, आतले कदाचित आठवड्याने. म्हणून फोटो दृश्य संपल्यावर काढायला हवा, समोरून, मागून आणि दोन्ही बाजूंनी. पुढचे दृश्य तिथूनच सुरू होते. दृश्याच्या ओघात पदर खोचला गेला असेल, तर सुरुवातीचा फोटो दिशाभूल करतो. बाही किती दुमडली, पिन कुठे लावली, हे वहीत लिहायचे. कलाकार कपडे बदलायला निघण्याआधी यासाठी दोन मिनिटे मिळायला हवीत, आणि घाईत नेमकी तीच कापली जातात.

कोल्हापूरच्या भानू अथैया यांना ‘गांधी’च्या वेशभूषेसाठी १९८३ साली जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळाले. ज्या मातीतून हे काम इतके उंच गेले, तिथल्या सेटवर कपडे धुवायला नळ आणि वाळवायला आडोसा असावा, ही मागणी मोठी नाही. निर्मात्यांनी कॉलशीट दोन दिवस आधी द्यावी आणि तिच्यात प्रत्येक दृश्यापुढे कथेतला दिवस कितवा हेही लिहावे. तोच आकडा आम्ही कपड्यांच्या पिशवीवर लिहितो.

वेशभूषा विभागातील काही सहकारी,
गोरेगाव, मुंबई