गाडीचे दोष वाचणाऱ्या केबल्सची माहिती द्या

महोदय,

वाहनांच्या धुरावर मर्यादा घालणारी भारत स्टेज ६ ची मानके १ एप्रिल २०२० पासून लागू झाली, आणि तेव्हापासून वागळे इस्टेटमधल्या लहानशा गॅरेजलाही डॅशबोर्डखालच्या १६ पिनांच्या सॉकेटला केबल लावून लॅपटॉपवर गाडीचे दोष वाचावे लागतात. परवडणाऱ्या केबल्स बहुधा नकली असतात, आणि मूळ कंपनीच्या सॉफ्टवेअरला त्यांचे फर्मवेअर (केबलच्या आतल्या चिपमधला प्रोग्राम) अद्ययावत करू दिले की त्या अनेकदा बंद पडतात. अशी केबल मोडीत काढण्याची घाई मला पटत नाही. झाकण उघडून आतल्या मायक्रोकंट्रोलरवरचा, म्हणजे केबल चालवणाऱ्या चिपवरचा, क्रमांक वाचला, त्याच्या मेमरीची प्रत आधी काढून ठेवली आणि प्रोग्रामर या चिपमध्ये प्रोग्राम भरणाऱ्या उपकरणाने योग्य फर्मवेअर पुन्हा भरले, तर ती बऱ्याचदा जिवंत होते. मात्र भरणे चालू असताना वीज किंवा जोडणी मध्येच तुटता कामा नये. शिवाय, दुरुस्त केबल आधी केवळ दोष वाचण्यापुरती तपासावी; एअरबॅग वा ब्रेकच्या कंट्रोलरमध्ये तिने काही लिहिणे हा प्रवाशांच्या जिवाशी खेळ आहे. विक्रेत्यांनी आत कोणती चिप आहे हे पावतीवर लिहून द्यावे, आणि ठाण्यातील आयटीआयने मेकॅनिकना हे काम शिकवावे, ही कळकळीची विनंती.

— एक गॅरेजचालक, ठाणे