लढाईतली पावती

कर्वेनगर, पुणे

ती. आई-बाबांना,
शि. सा. नमस्कार, वि. वि.

बाबा, परवा फोनवर मी म्हटलं की शत्रूच्या मुलखात सैन्याने लोकांचं काही घेतलं तर पावती द्यावी लागते, तर तुम्ही म्हणालात, "लढाईत घुसल्यावर पावती कोण फाडतं?" तेवढ्यात आईने फोन काढून घेतला आणि माझं उत्तर राहून गेलं. क्वार्टर मास्टरच्या स्टोअरमध्ये, म्हणजे पलटणीच्या सामानाच्या कोठारात, ज्यांनी सहीशिवाय कुणाला मोज्यांचा जोडही दिला नाही, त्यांनी हे विचारावं!

शत्रूच्या मुलखातून काही घ्यायचंच नाही, असं कायदा म्हणत नाही. १९०७च्या हेग नियमांत, म्हणजे युद्धाच्या आंतरराष्ट्रीय नियमांत, लुटीला साफ मनाई आहे, खाजगी मालमत्ता जप्त करायलाही. पण ताबा घेतलेल्या सैन्याला गरजेपुरतं धान्य, चारा मागता येतो. तोही तिथल्या कमांडरच्या हुकमानेच, आणि त्या मुलखाला झेपेल इतकाच. शक्यतो रोख द्यायचे, नसतील तर पावती द्यायची आणि लवकरात लवकर पैसे चुकते करायचे. शत्रूच्या सरकारची शस्त्रं आणि रोकड मात्र सरळ ताब्यात घेता येते.

म्हणजे गोळीबार चालू असताना कुणी पावती फाडत नाही, हे तुमचं खरंच. पण गोळीबार थांबतो आणि पलटण त्याच गावात महिनाभर मुक्काम ठोकते, तेव्हा काय? पावती आहे ती त्या दिवसांसाठी.

कैद्यांचं कलम तर तुम्हाला आवडेल. युद्धकैद्यांना कसं वागवायचं हे सांगणाऱ्या १९४९च्या तिसऱ्या जिनिव्हा कराराचं कलम १८. कैद्याची हत्यारं काढून घ्यायची, पण हेल्मेट, कपडे, पदकं, घरच्या आठवणीची वस्तू त्याच्याकडेच राहते. त्याचे पैसे अधिकाऱ्याच्या हुकमाशिवाय घ्यायचे नाहीत, घेतले तर रजिस्टरला नोंद करायची आणि पावतीवर देणाऱ्याचं नाव, हुद्दा, युनिट वाचता येईल असं लिहायचं. एकाहत्तरच्या युद्धात आपल्याकडे ९३ हजारांच्या आसपास पाकिस्तानी कैदी होते. एवढ्या खिशांचा हिशोब!

आई, हे तुझ्यासाठी. अमेरिकेतल्या यादवी युद्धात, १८६३ साली, फ्रान्सिस लीबर नावाच्या प्राध्यापकाने उत्तरेच्या सैन्यासाठी १५७ कलमांची संहिता लिहिली आणि लिंकनने ती लागू केली. शत्रूच्या माणसाची मालमत्ता निकडीने घ्यावी लागली तर मालकाला पावती द्या, हे तिच्यातही आहे. लूट आणि बलात्काराला देहान्ताची शिक्षा. त्याच युद्धात लीबरचा एक मुलगा उत्तरेकडून लढताना हात गमावून बसला आणि दुसरा दक्षिणेकडून लढताना मेला. ज्याला 'शत्रू' म्हणायचं त्या सैन्यात आपलाच पोरगा, अशा बापाने लिहिलेली ही कलमं आहेत.

पुण्यात हा विषय शिकवायला घेतला की दुसऱ्या मिनिटाला शिवचरित्र निघतंच. मुलं कल्याणच्या सुभेदाराच्या सुनेची गोष्ट सांगतात. मी त्यांना त्याऐवजी खाफीखान वाचायला लावते. महाराजांना शिव्या देणारा हा मुघलांकडचा इतिहासकारसुद्धा लिहितो की मशिदी, कुराण आणि बायका यांना हात लावायचा नाही, असा त्यांचा नियम होता. शत्रूची साक्ष जास्त वजनाची. चिपळूणच्या छावणीला लिहिलेलं १६७३चं पत्रही काढते: दाणा, चारा, लाकूडफाटा हवा तर बाजारात जाऊन विकत घ्या. ते आपल्याच रयतेबद्दल आहे, हेही सांगते. आणि सुरत लुटली होती, हेसुद्धा. ते टाळून चालत नाही.

आपल्या १९५०च्या आर्मी अ‍ॅक्टचं कलम ३६ बघा. लुटीसाठी घर फोडलं आणि तेव्हा सैनिक ॲक्टिव्ह सर्व्हिसवर (म्हणजे युद्धमोहिमेवर) असेल, तर चौदा वर्षांपर्यंत कैद. घर कोणाचं, हे कलम विचारत नाही. मला हे फक्त शत्रूवरच्या दयेपोटी आलंय असं वाटत नाही. खिसे भरायला लागलेला जवान कमांडरचा हुकूम ऐकत नाही, हे सैन्य चालवणाऱ्यांना पक्कं ठाऊक असतं.

आता तुम्ही सांगा, तुमच्या पलटणीत कैद्यांच्या सामानाचं रजिस्टर कोण ठेवायचं? फोनवर नको, लिहून पाठवा, वर्गात वाचून दाखवीन. आईच्या गुडघ्याचं औषध येत्या एसटीने पाठवते.

तुमची,
माई