सोसायटीच्या कपाटातल्या ४३ कॅसेट : अध्यक्षांना पत्र

दिनांक : ५ जून २०२५

प्रति,
मा. अध्यक्ष,
आपली सहकारी गृहनिर्माण संस्था,
डोंबिवली (पूर्व)

विषय : कार्यालयातील जुन्या कॅसेट रविवारी भंगारात न देण्याबाबत

महोदय,

कार्यालयाच्या रंगकामासाठी लोखंडी कपाट रिकामं करून त्यातलं जुनं सामान रविवारी, ८ जूनला, भंगारवाल्याला द्यायचं आहे, अशी सूचना सोमवारी फलकावर लागली. त्या कपाटाच्या सगळ्यात खालच्या कप्प्यात बिस्किटांचा पत्र्याचा डबा आहे आणि डब्यात ४३ कॅसेट आहेत. त्या देऊ नयेत, ही माझी कळकळीची विनंती.

या कॅसेट माझ्या सासऱ्यांनी भरल्या. १९८४ ते १९९३ ते संस्थेचे सचिव होते. सभा चालू असताना लिहीत बसलं की बोलणाऱ्याच्या तोंडाकडे बघता येत नाही, असं ते म्हणायचे. म्हणून टेबलावर टेपरेकॉर्डर ठेवायचे आणि रात्री जेवणं झाल्यावर थोडं ऐकून, थांबवून, पुन्हा मागे घेऊन इतिवृत्त लिहायचे. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हा बिल्डिंगमधल्या माणसांची पहिली ओळख मला अशी झाली. मी आत भांडी आवरत असायची आणि बाहेरच्या खोलीतून एकच वाक्य तीन-तीनदा ऐकू यायचं. पुढे जिन्यात कोणी बोललं की वळून बघण्याआधीच कळायचं, हे टाकीवरून भांडलेले काका.

मंगळवारी व्यवस्थापकांकडून किल्ली घेऊन मी कपाट उघडलं. सी-विंगमधली यंदा पाचवीत गेलेली मुलगी सोबत होती. आपल्याला आठवत असेल, गेल्या गणेशोत्सवात हिने ‘बोलखडा’ नावाची गोष्ट लिहून वाचून दाखवली होती. डोंगरात एक खडा सापडतो. त्याच्याजवळ जे बोलावं ते त्यात मुरतं आणि मुठीत धरून ऊब दिली की खडा तेच बोलून दाखवतो. आजी गेल्यावर गोष्टीतली नात खडा घेऊन झोपते. सगळ्यांनी तिच्या कल्पनाशक्तीचं कौतुक केलं. मी तिला त्या डब्यासमोर सांगितलं की बाळा, असा खडा खरंच आहे, हा बघ.

कॅसेटच्या प्लॅस्टिकच्या फितीवर जो तपकिरी थर असतो, ती लोहाच्या ऑक्साइडची बारीक भुकटी. साध्या कॅसेटमध्ये त्याचा जो प्रकार वापरतात तोच निसर्गात मॅगहेमाइट नावाचं खनिज म्हणून सापडतो. कोकणातल्या जांभ्याला लाल रंग देणारं लोह याच्याच गोतावळ्यातलं. माणूस बोलतो, माइकमधून त्या आवाजाची वीज होते, ती हेडमध्ये, म्हणजे टेपरेकॉर्डरच्या फितीला टेकणाऱ्या भागात, चुंबकत्व होऊन त्या कणांना वळण लावते आणि कण तसेच राहतात. कागदावर लोहाची पूड चिकटवून आवाज साठवायची युक्ती फ्रिट्झ फ्लॉयमरने १९२८ मध्ये जर्मनीत काढली. आपल्या ओळखीची कॅसेट १९६३ मध्ये बर्लिनच्या प्रदर्शनात आली. मला तर हे मलंगगडाकडे बघूनही आठवतं. तिथला काळा पाषाण सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा आहे. असा लाव्हा थिजताना त्यातल्या मॅग्नेटाइट या लोहाच्याच चुंबकीय खनिजाच्या कणांनी त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकत्वाची दिशा धरून ठेवली, आणि दख्खनच्या या पाषाणावरूनच शास्त्रज्ञांना कळलं की तेव्हा आपली भूमी विषुववृत्ताच्या दक्षिणेला होती. दगडाने दिशा धरली, फितीने बोलणं धरलं. काम एकाच जातीचं.

डब्यातली ‘मे ८७, पाणी’ असं लिहिलेली कॅसेट मी घरी आणून लावली. आधी नुसती खरखर, मग पंख्याची घरघर, स्टीलचे पेले, लांबून लोकलचा भोंगा. मग सासऱ्यांचा आवाज : “मागं ऐकू येतंय का?” आणि गंमत म्हणजे ‘मागं’ म्हणण्याच्या क्षणभर आधी तोच ‘मागं’ अगदी पुसट ऐकू येतो. फीत वर्षानुवर्षं गुंडाळून ठेवली की एका वेढ्याचं चुंबकत्व शेजारच्या वेढ्यावर उमटतं, त्यामुळे असं होतं. मी ते पाच वेळा ऐकलं. त्यांना जाऊन १६ वर्षं झाली.

त्या सभेचं इतिवृत्त आपल्या नोंदवहीत आहे : ‘पाणीपुरवठ्याबाबत चर्चा झाली. टँकर मागवण्याचे ठरले.’ कॅसेटवर ए-विंगमधल्या मालवणच्या आजी तडक विचारतात, “अरे, पाणी खंय गेला?” त्यावर अकोल्याचे एक काका “काऊन चिडता, मावशी” म्हणत त्यांना शांत करतात आणि दोघंही हसतात. ठराव वहीत राहिला. बोली फक्त फितीवर आहे. त्या दोन्ही घरांतली आजची मुलं मालवणी बोलत नाहीत, वऱ्हाडीही नाही. आपल्या आजी कशा बोलायच्या हे त्यांना सांगून कळणार नाही, ऐकवावंच लागेल.

घाई का, तर गेल्या पावसाळ्यात कार्यालयाची भिंत पाझरली तेव्हा डब्याच्या तळाशी ओल गेली. सात कॅसेटच्या फितीच्या कडेला पांढरी बुरशी आहे. तशाच लावल्या तर बुरशी हेडला आणि मग पुढच्या कॅसेटलाही लागते, म्हणून त्या मी वेगळ्या काढून ठेवल्या आहेत. चार कॅसेटमध्ये फितीला हेडवर दाबून धरणारा फेल्टचा तुकडा गळून पडलाय. त्यांची फीत नव्या खोक्यात भरावी लागेल. हे काम मला येतं, सासऱ्यांनीच शिकवलं. पण येत्या पावसात त्या पुन्हा तिथेच राहिल्या, तर मलाही काही करता येणार नाही.

माझं म्हणणं असं की डबा मला तीन महिन्यांसाठी द्यावा. ३१ कॅसेट ६० मिनिटांच्या आणि १२ कॅसेट ९० मिनिटांच्या आहेत, म्हणजे एकूण ४९ तासांचं ऐकणं. जितका वेळ बोलणं, तितकाच वेळ संगणकावर घ्यायला लागतो, त्यात पळवाट नाही. मी एमपीथ्री करणार नाही, त्यात आवाज कापला जातो. आवाज न कापता जसाच्या तसा ठेवणारी वेव्ह फाइल करीन. सगळं मिळून साधारण २५ जीबी होईल, ३२ जीबीच्या पेनड्राइव्हवर मावेल. एक प्रत संस्थेकडे, एक माझ्याकडे. पेनड्राइव्हचा खर्च मी करते, संस्थेने एक रुपयाही देऊ नये. मूळ कॅसेटही नंतर टाकू नयेत. त्या कोरड्या कपाटात, चुंबक असलेल्या स्पीकर आणि मोटरपासून लांब राहाव्यात.

समितीतल्या एका सभासदांनी जिन्यात मला विचारलं की जुनी भांडणं पुन्हा कशाला उकरायची. त्यांची काळजी रास्त आहे. त्या सभांमध्ये लोक एकमेकांना लागेल असं बोलले आहेत, थकबाकीवरून एका बाईंना रडू आलेलं मला माहीत आहे. म्हणून कोणतीही फाइल ग्रुपवर टाकू नये. ज्या घरातला आवाज आहे त्या घराला आधी ऐकवावं, त्यांनी नको म्हटलं तर तो भाग बंद ठेवावा. हे मी लेखी द्यायला तयार आहे.

शनिवारी सकाळी दहापासून मी कार्यालयाबाहेर थांबते. आपण होकार दिलात की डबा मोजून घेईन आणि पोच देईन.

आपली विश्वासू,
सभासद, सदनिका क्र. बी-४०३

सोबत : ४३ कॅसेटची यादी, लेबलांवर वाचता आलं तेवढं उतरवून