पुण्याची बदली मी मागितली नाही

ती. आई-बाबा,
शि. सा. नमस्कार.

फोनवर हा विषय निघाला की माझा गळा दाटतो आणि आई लगेच जेवणाचं विचारते, म्हणून लिहिते आहे. बाबा, आधी तुम्ही वाचा, मग आईला वाचून दाखवा.

मी युनिटची कमांड स्वीकारली आहे. पूर्वेकडे, सैन्याची संपर्कव्यवस्था सांभाळणाऱ्या आमच्या सिग्नल्सचीच रेजिमेंट. बाबांच्या अँजिओप्लास्टीचे कागद जोडून पुण्याला, सदर्न कमांडच्या मुख्यालयात बदली मागता आली असती. कदाचित मिळालीही असती. मी अर्ज केला नाही. दादाला परवा सांगितलं. तुम्हाला मात्र घाईघाईत सांगायचं नव्हतं.

रागावू नका, आधी सगळं ऐका. लेफ्टनंट कर्नलपर्यंत आमची बढती वर्षांवर होते, तेरा वर्षं झाली की मिळते. कर्नलसाठी निवड मंडळ बसतं आणि तिथे किती चांगले अधिकारी मागे राहतात ते तुम्ही माझ्याच बॅचमध्ये पाहिलंत. कर्नल झाल्यावर युनिट चालवून दाखवावं लागतं. त्या दोन-अडीच वर्षांचे सीआर, म्हणजे वरिष्ठांचे गोपनीय अहवाल, पुढे ब्रिगेडियरच्या मंडळासमोर जातात. ते नसतील तर पुढचं सगळं अवघड. कर्नल ५४ व्या वर्षी निवृत्त होतो, ब्रिगेडियर ५६ व्या. पण आई, ही पोर दोन वर्षांच्या वाढीव नोकरीसाठी चालली आहे असं मनात आणू नकोस गं.

१९९२ साली आम्हा बायकांसाठी सैन्याचं दार उघडलं ते पाच वर्षांच्या नोकरीपुरतं. मी चेन्नईच्या ओटीएतून, अधिकारी घडवणाऱ्या अकादमीतून, बाहेर पडले तोवर ती मुदत चौदा वर्षांची झाली होती, आणि तू म्हणालीस, रामाएवढा वनवास करून ये. मग कायम कमिशनचा खटला. बायकांना कायम ठेवू, पण कमांड नको, खेड्यापाड्यांतून आलेले जवान बाईचा हुकूम मानायला मनाने तयार नसतील, असं सरकारतर्फे सर्वोच्च न्यायालयात मांडलं गेलं. १७ फेब्रुवारी २०२० ला न्यायालयाने ते फेटाळलं. बाबा, दुसऱ्या दिवशीच्या पेपरातलं ते कात्रण तुमच्या पाकिटात अजून आहे, पेन्शनच्या कार्डामागे, घडीवर फाटत आलेलं. मी पाहिलंय. तुम्हीच सांगा, ज्या गोष्टीसाठी आधीच्या बायका इतकी वर्षं कोर्टात उभ्या राहिल्या ती हातात आल्यावर मी 'मला घराजवळचं टेबल द्या' असं कसं म्हणू? मे २०२५ मध्ये खडकवासल्याहून एनडीएच्या पहिल्या सतरा मुली बाहेर पडल्या. उद्या त्यांच्यातली एखादी माझ्या हाताखाली येईल. तिने मला कमांड करताना पाहायला हवं.

आणि मला ते काम मनापासून आवडतं. पावसात लाइन तुटली की केबलचा ड्रम खांद्यावर टाकून रात्री निघणारी पोरं असतात. त्यांच्या सुट्टीच्या अर्जावर 'माँ बीमार' लिहिलेलं असतं आणि खाली सही माझी लागते. अशा अर्जाला मी कधी उशीर केलेला नाही, करणारही नाही.

आता तुमचं. बाथरूममध्ये धरायला दांडे बसवायला माणूस गुरुवारी येतोय, कमोडशेजारी एक आणि गिझरखाली एक. स्वयंपाकाच्या मावशी आता संध्याकाळीही येतील, त्यांच्याशी बोलून पैसे ठरवले आहेत; आई, तू परत घासाघीस करू नकोस. इन्व्हर्टरची बॅटरी नवी टाकली की लाइट गेले तरी पंखा चालेल. दादा दर शनिवारी नाशिकहून येणार आहे, त्याने आपणहून सांगितलं. जावईबापू आणि तुमचा नातू ओजस, ओजसच्या दहावीपर्यंत हैदराबादलाच आहेत. रात्रीबेरात्री काही झालं तर पहिलं विमान ते पकडतील. मला वर्षाला साठ दिवसांची रजा असते आणि वर वीस दिवसांची किरकोळ. चार्ज घेतल्यावर सुरुवातीला युनिट सोडता येत नाही, म्हणून गणपतीचं कबूल करत नाही.

बाबा, खडकीच्या क्वार्टरमधली सकाळ हल्ली फार आठवते. फॅक्टरीचा भोंगा व्हायच्या आत मला शाळेत सोडायचं म्हणून तुम्ही सायकलच्या दांडीवर टॉवेलची घडी घालायचात, मला टोचू नये म्हणून. तुमच्या खाकी शर्टाला मशीनच्या तेलाचा वास यायचा. बॉम्बे सॅपर्सची परेड चालू असली की तुम्ही एक पाय टेकवून थांबायचात आणि स्वतःला उशीर होत असतानाही म्हणायचात, "बघ, पाय कसे एकदम पडतात." आई, तू वेणी इतकी घट्ट घालायचीस की डोळे ताणले जायचे. आज अंबाडा घालताना आरशात तुझाच हात दिसतो.

बरं, आता ऐका, आणि यात सूट नाही. रक्त पातळ करायची गोळी एक दिवसही चुकवायची नाही. 'आता बरं वाटतंय' हे कारण चालणार नाही. जिभेखालची गोळी एक खिशात, एक उशाशी. छातीत दुखलं तर गॅस म्हणून जिरं चावत बसू नका, १०८ ला फोन करा आणि मगच दादाला. सीजीएचएसच्या दवाखान्यात रिक्षाने जायचं, स्कूटरची किल्ली दादाकडे द्या. वाईट वाटून घेऊ नका बाबा, तुमचा हात चालवण्यात पक्काच आहे, मला बोपोडीच्या चौकातल्या गाड्यांची भीती वाटते. नोव्हेंबरात हयातीचा दाखला फोनवर चेहरा दाखवून होतो, बँकेच्या रांगेत उभं राहायचं नाही. आई, गुडघ्याचे व्यायाम टीव्ही बघत केलेस तरी चालतील, पण कर. आणि माळ्यावरचे डबे काढायला स्टुलावर चढायचं नाही, तू 'एकदाच' म्हणालीस तरी नाही.

युनिटचं ठिकाण फोनवर विचारू नका, काकूंनी विचारलं तर 'पूर्वेला' एवढंच सांगा. रोज रात्री साडेआठला मी फोन करीन. नाही आला तर घाबरू नका, नेटवर्क नसेल, सकाळी येईल.

चार्ज घेण्याआधी चार दिवस पुण्याला येते आहे. बाबांचा टूडी इको त्यातच करून घेऊ, वेळ मी घेतली आहे. आई, बेसनाचे लाडू करू नकोस, मी आल्यावर भाजायला मीच बसेन.

तुमची,
छकुली